थीम द योयो अपडेट: बेस बसला, फ्री पार्ट अजून लटकलाय

तर मंडळी, आमचा बँड 'थीम द योयो' हा जुना जॅझ-फंक ट्रॅक बसवतोय, त्याची बेसलाईन बसली एकदाची. रिफ (पुन्हा पुन्हा वाजणारा तुकडा) तशी छोटीच आहे, ऑडॅसिटी या सॉफ्टवेअरमधे ७५ टक्क्यांवर स्लो करून कानानेच काढली, बोटांना काही त्रास नाही. पण ती नऊएक मिनिटं नेटाने लावून धरायची आणि मधे फिल (छोटा जादा तुकडा) टाकायची खाज येते ती दाबायची, हे लई अवघड आहे राव. मूळ ट्रॅकवर बेस वाजवणाऱ्या मॅलाकाय फेवर्सबद्दलचा आदर दुप्पट झालाय.

नवीन लोकांसाठी: हा ट्रॅक आर्ट एन्सांबल ऑफ शिकागो या जॅझ बँडच्या 'ले स्तांस आ सोफी' या अल्बमवरचा पहिला. जुलै १९७० मधे पॅरिसला रेकॉर्ड केलेला, मोशे मिझराही या दिग्दर्शकाच्या त्याच नावाच्या सिनेमासाठी. सिनेमा आज फारसा कोणाला आठवत नाही, रेकॉर्ड मात्र लोक अजून शोधत फिरतात. गंमत म्हणजे १९६९ ला ही मंडळी पॅरिसला पोचली तेव्हा बँडमधे फिक्स ड्रमरच नव्हता, सगळेच काही ना काही ठोकायचे, मग तिथे डॉन मोये आला. तो आला नसता तर हा असला फंक त्यांच्याकडून निघाला असता का, मला डाउट आहे.

आणि गायला कोण, तर फॉन्टेला बास! 'रेस्क्यू मी' वाली, १९६५ ला जिचं गाणं अमेरिकेत आर अँड बी चार्टवर एक नंबरला होतं ती. एन्सांबलचा ट्रम्पेटवाला लेस्टर बोवी तिचा नवरा, आधी तिच्याच बँडचा म्युझिक डायरेक्टर होता, त्यामुळे पाहुणी म्हणायचं पण तशी घरचीच. माझं आता पक्कं मत झालंय की ट्रॅकची सगळी जादू इथे आहे: ती अजिबात 'अवांगार्ड' (प्रयोगशील, चौकट मोडणारी) व्हायला जात नाही. शब्द पार येडचाप आहेत, आजूबाजूला रॉस्को मिचेल आणि जोसेफ जार्मन सॅक्स किंचाळवतायत, आणि बाई आपली सरळ ठसक्यात सोल गातेय, आई गॉस्पेल गायिका होती ते तिच्या आवाजात लगेच कळतं. तीपण सुटली असती तर नुसता कालवा झाला असता.

हे आमच्याकडे उतरवताना वांधे होतायत. आमची गायिका क्लासिकल शिकलेली, दर ओळीच्या शेवटी मुरकी येतेच. म्हटलं ताई, प्लेन गा, अगदी कोरडं, तर म्हणाली कोरडं गाणं जास्त अवघड असतं रे. बरोबर आहे तिचं. आता ती नुसती ठेका धरून शब्द बोलते आणि मग हळूहळू सूर लावते, याने बराच फरक पडलाय, मागच्या रविवारचं रेकॉर्डिंग ऐकवण्यासारखं आहे.

फ्री पार्टचं, म्हणजे जिथे थीम सोडून सगळे मनाला येईल ते वाजवतात त्याचं, घोडं अडलंय ते परत येण्यावर. सुटायला सगळ्यांना येतं हो, एकत्र थीमवर कोण आणणार? आधी मान डोलावून इशारा ठरवला, पण डोळे मिटून वाजवणाऱ्याला दिसणार काय. सध्या सायकलचा भोंगा वापरतोय, दोनदा पॉं पॉं केलं की चार बार मोजून सगळे थीमवर. एन्सांबलवाले स्वतः घंटा, शिट्ट्या, भोंगे असलं ढीगभर सामान स्टेजवर मांडायचे, त्यामुळे हे परंपरेला धरूनच आहे. तुळशीबागेतून दोन पितळी घंटा आणि चिपळ्यापण आणल्यात, चिपळ्या मोयेच्या ग्रूव्हवर इतक्या चपखल बसतात की बस.

आता फक्त ट्रम्पेट हवाय. पुण्यात कोणाच्या ओळखीत असेल तर सांगा. लग्नाच्या बँडमधे वाजवणारा असला तर फारच उत्तम, बोवीचा तो फाटका, खिदळल्यासारखा आवाज म्युझिक स्कूलवाल्यांपेक्षा वरातीतला माणूस पटकन काढेल असं वाटतं.