चोरखिशाने वाट लावली (दोरा-किल्ली प्रयोग, नोंद सातवी)

आधीच सांगतो, 'डिटेक्टिव्ह कोनान' या जपानी ॲनिमे मालिकेचे ४८ आणि ४९ हे भाग पाहिले नसतील तर इथेच थांबा. खुनी कोण ते खाली येणार आहे.

त्यातली बंद खोलीची युक्ती मी घरी करून बघतोय: बंद दाराबाहेरून दोऱ्याने किल्ली आतल्या माणसाच्या खिशात घालायची. मागच्या नोंदीत मी मोठ्या तोऱ्यात लिहिलं होतं की तंगूस (मासेमारीचा नायलॉनचा दोरा) बदलला की किल्ली खिशात जाईल. गेली. चुकीच्या खिशात.

आपलं प्रकरण तेच, मुत्सद्द्याचा खून, ओसाकाचा तरुण डिटेक्टिव्ह हात्तोरी हेइजी याची पहिली एंट्री. खोलीला कुलूप, किल्ली मयताच्याच खिशात. हेइजी म्हणतो, दाराच्या फटीतून दोरा, सुई आणि सेलोटेप वापरून किल्ली आत सरकवली. शिनिची (म्हणजे मूळ रूपातला कोनानच) येतो आणि एका वाक्यात त्याची हवा काढतो: खिसा दुहेरी आहे, किल्ली आतल्या खिशात सापडली, दोऱ्याने ती तिथवर पोचणार नाही. मला हे नुसतं ऐकून घ्यायचं नव्हतं.

समोरच्या खोलीला उंबरठा, तिथे फटच नाही. मागच्या खोलीचं दार पावसात फुगायचं म्हणून सुताराने खालून रंधा मारलाय, बोटभर फट आहे. प्रेताच्या भूमिकेत बाबा, अंगात बंडी, कारण बंडीला चोरखिसा. ०.२० मिलिमीटरचा तंगूस किल्लीच्या कडीला घासून दोनदा तुटला. ०.४० चा रिळावरून उतरला तरी वेटोळी सोडत नाही. ०.३० जमला. (ऑनलाइन मागवू नका. माझ्या रिळावर ०.३० लिहिलेलं होतं आणि आत सरळसरळ जाड माल निघाला. मासेमारीच्या सामानाच्या दुकानात जाऊन बोटांत धरून बघा.)

सतरा प्रयत्न झाले. बाहेरच्या खिशात किल्ली तीनदा पडली, आणि त्यातल्या पहिल्या वेळी मी खरंच ओरडलो. चोरखिशात एकदाही नाही. खिशाच्या तोंडाशी किल्ली आडवी होते आणि अडकते. कडी लहान घेतली, खिशाला पिन लावून तो उघडा ठेवला (ही लबाडीच), मेण लावलं. शून्य. सेलोटेप ओढून काढताना बंडीचा धागा निघाला, त्यावरून आईचं बोलणं खाल्लं ते वेगळंच.

अठराव्या प्रयत्नाची गाठ मारेपर्यंत बाबा खुर्चीतच घोरायला लागले. मी दोरा सोडवत होतो, पुतण्या मोबाइलवर शूट करत होता. मधे आई आत आली, बाबांच्या नाकावरचा चश्मा काढला, खांदा हलवला आणि गेली. संध्याकाळी व्हिडिओ बघताना माझ्या लक्षात आलं की ती खोलीत आलेली आम्हा दोघांनाही आठवत नव्हती.

आणि भागात नेमकं हेच आहे की! बायको सगळ्यांसमोर नवऱ्याला उठवायला जाते आणि तेव्हाच विषारी सुई टोचते. दार उघडेपर्यंत तो जिवंतच असतो, औषधाने झोपलेला. तिथे पाहुणा वाकला असता तर कोनानने लगेच हेरलं असतं, पण बायको वाकली तर कोण बघतंय? तिच्या पहिल्या नवऱ्याला खोट्या प्रकरणात अडकवल्याची ती जुनी जखम मी इतकी वर्षं शेवटची पाच मिनिटं भरायला घातलेला मेलोड्रामा समजत होतो. पण ती या घरात सून होऊन राहिली नसती, तर एवढ्या जवळ जाऊच शकली नसती. मी मात्र तीन आठवडे खिशाशी झटापट करत बसलो.

पुढचा बेत होता योकोमिझोच्या १९४६ सालच्या जपानी कादंबरीतल्या होन्जिन घराण्याच्या खुनाचा, कोतोच्या (हे जपानी तंतुवाद्य) तारांसकट. कूलरच्या खोक्यातून कागदी पडद्यांचं मॉडेल अर्धं कापूनही झालंय. ते आता माळ्यावर. त्याआधी बंद खोलीचे जुने भाग पुन्हा काढतो आणि प्रत्येकात दार फोडल्यावर मयतापाशी पहिल्यांदा कोण पोचलं आणि त्याचं नातं काय, एवढंच वहीत टिपतो. सुरुवात ज्या भागांत वारसाहक्काचं भांडण आहे तिथून. नाही, थांबा, नोकर आणि डॉक्टरही धरायला हवेत, त्यांनाही कोणी अडवत नाही. म्हणजे वहीत आणखी एक रकाना.

०.४० चं रीळ कोणाला हवं असेल तर सांगा, फुकट देतो.