मोंढ्यात बसून टेस्टिंग

आज दिवसभर लातूरच्या मोंढ्यात एका आडतीवर बसलो होतो, आमचं हिशोबपट्टीचं ॲप चालवून बघायला. ऑफिसात कोड तीनदा वाचला होता, सगळं नीट दिसत होतं. इथं मुनीमकाकांनी मोबाईल घेतला, मराठी कीबोर्डवरून सोयाबीनचं वजन १२ टाकलं अन् म्हणले, "पट्टी तर शून्याची निघायली की रे बाळा." मी गारच पडलो. मग उमगलं, सर्व्हरवरच्या पायथन भाषेतलं इंट (लिहिलेल्या मजकुराचा आकडा करणारं फंक्शन) देवनागरी आकडे बरोबर वाचतं पण मोबाईलवरच्या जावास्क्रिप्ट भाषेतलं तसलंच नंबर त्यालाच नॅन, म्हणजे 'हा आकडाच नाही', म्हणतं, अन् आम्ही नॅन आला की शून्य धरत होतो. म्हणजे सर्व्हरवर टेस्ट पास अन् मोबाईलवर शेतकऱ्याचे १२ क्विंटल गायब! नुसता कोड वाचून हे मला तरी कधी दिसलं नसतं. नंतर मुद्दाम ०, रिकामं, उणे, १२.५ असं काय काय टाकत बसलो, सेव्ह दाबल्यावर नेट बंद करून परत चालू केलं तर एकच पट्टी दोनदा पडली, तेबी लिहून घेतलं. टेस्टिंगनं चुका आहेत एवढंच कळतं, नाहीत हे कळत नाही, असं संगणकशास्त्रज्ञ डायक्स्ट्रा म्हणून गेलेत, ते आज लई पटलं. उद्या परत जाणार, तूर अन् हरभऱ्याच्या पट्ट्या राहिल्यात.