संमतीपत्रातल्या दोन ओळी

नेरूळचा स्केटपार्क आणि मुंबईतले अंडरग्राउंड हिपहॉप-मेटलचे गिग, म्हणजे छोटे लाइव्ह कार्यक्रम, यांवरचा माझा माहितीपट चित्रीकरण, संकलन, मिक्सिंग सगळ्यांतून नीट पार पडला आणि कागदांपाशी अडकला. जिथे तो दाखवायला द्यायचा होता तिथल्या कायदा विभागाने संगीताची सगळी संमतीपत्रं 'अपुरी' एवढाच शेरा मारून परत पाठवली. काय अपुरं, हे कळायलाच दोन महिने गेले. त्याचा राग अजून आहे, कारण उणीव दोन ओळींची होती.

माझ्या पत्रात होतं, 'आमचं गाणं माहितीपटात वापरायला हरकत नाही.' सही, तारीख, सगळं होतं. पण कॉपीराइट कायदा, 1957 च्या कलम 19 नुसार मुदत लिहिली नसेल तर हक्क 5 वर्षांपुरता मिळतो आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारतापुरता. कलम 30अ मुळे नुसत्या परवान्यालाही हेच लागू होतं. म्हणजे माझ्या कागदांवर परदेशातल्या महोत्सवात एकही गाणं वाजवता आलं नसतं. 'कॉपीराइटच्या संपूर्ण मुदतीसाठी' आणि 'जगभरात' हे शब्द घालाच. माध्यमंही नावानिशी लिहा : थिएटर, महोत्सव, टीव्ही, इंटरनेट. 'रॉयल्टी सोडून देतो' असं मात्र गीतकार-संगीतकाराकडून लिहून घेऊ नका. थिएटरबाहेरच्या वापराची रॉयल्टी त्याला सोडताच येत नाही, आणि या बँडच्या पोरांकडून तसं मागणंही चूक आहे.

सह्या पुन्हा घेताना दुसरा घोळ कळला. एका गाण्याचे हक्क दोन प्रकारचे असतात : रेकॉर्डिंगचा वेगळा, शब्द आणि चालीचा वेगळा. बँडमध्ये चौघांनी मिळून गाणं रचलं असेल तर चौघांच्या सह्या लागतात, बँड सोडून गेलेल्या ड्रमरचीसुद्धा. रॅपमध्ये बीट, म्हणजे शब्दांमागचं संगीत, करणारा बहुतेक वेळा तिसराच असतो. बीट नेटवरून भाड्याने घेतलेली असेल तर तिच्या परवान्यात चित्रपटाचा वापर बसतो का, ते आधी वाचा. कव्हर, म्हणजे दुसऱ्याचं गाणं बँडने वाजवलेलं असेल तर मूळ हक्कदाराची परवानगी लागते. ती मिळणार नसेल तर तो भाग एडिटला घेऊच नका.

पार्कातल्या भिंतीवरची ग्राफिटी मागे दिसली तर त्याच कायद्याच्या कलम 52 ची सवलत आहे, परवानगी लागत नाही. स्पीकरवर वाजणाऱ्या गाण्याला ती नाही, कारण ती सवलत चित्र-शिल्पासारख्या कलाकृतींपुरती आहे. म्हणून टेकच्या आधी स्पीकर बंद करायला सांगा. चाकांचा आणि डेक (बोर्डची फळी) आपटल्याचा आवाजही मग स्वच्छ मिळतो. स्केटिंगच्या फिल्मचा जीव त्यातच असतो. मागून स्केटबोर्डवरून शूट करणार असाल तर 78ए ची मऊ चाकं लावा (हा आकडा चाकाच्या कडकपणाचा). 99ए च्या कडक चाकांनी फ्रेम थरथरते आणि त्यांची खरखर माइकमध्ये शिरते.

स्केटर 18 च्या आतला असेल तर त्याच्या स्वतःच्या सहीचा करार कायद्याने रद्दबातल, आईवडिलांची सही घ्या.

गिगचा आवाज एकट्या मिक्सरवरून घेऊ नका. छोट्या जागेत ड्रम आणि गिटारचा अँप मिक्सरला जोडलेलेच नसतात, हाती नुसता गळा येतो. हॉलमध्ये वेगळा रेकॉर्डर ठेवा, 48 किलोहर्ट्झ, 24 बिट. आणि संमतीपत्रं साउंडचेकच्या वेळीच पुढे करा, सगळे एका जागी तेवढ्याच वेळात सापडतात.