नुसती काउंटी खेळून पोट भरतं का?

पुण्याहून कुणी आलं की मी त्यांना काउंटी क्रिकेट, म्हणजे इथल्या परगण्यांच्या संघांचे सामने, दाखवायला कार्डिफच्या सोफिया गार्डन्सवर नेतोच. हे ग्लॅमॉर्गन काउंटीचं मैदान. एप्रिलची थंडी, शेजारून वाहणारी टॅफ नदी, स्टँडमध्ये शे-दोनशे म्हातारे, गुडघ्यांवर ब्लँकेट, बाजूला थर्मास. स्लिपमधले तिघं दोन बॉलच्या मध्ये हात खिशात घालतात. तासाभरात प्रश्न येतो, "यातले बहुतेक इंग्लंडकडून कधीच खेळायचे नाहीत ना? मग नुसती काउंटी खेळून पोट भरतं का हो?"

तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून सांगतो. आता भरतं. पूर्वी पगार फक्त उन्हाळ्यापुरता मिळायचा. सप्टेंबर संपला की हिवाळ्यासाठी दुसरं काम शोधा. भिस्त असायची ती बेनिफिटवर. दहाएक वर्षं इमानेइतबारे खेळलात की काउंटी एक मोसम तुमच्या नावे करायची. एका सामन्याचं उत्पन्न तुमचं, पण खर्चही तुमच्याच माथी. पाऊस पडला की बोंबला! मिडलसेक्सच्या अल्बर्ट ट्रॉटचं तर पावसाशिवायच वाटोळं झालं. १९०७ साली लॉर्ड्सवर स्वतःच्याच बेनिफिटला पठ्ठ्याने सॉमरसेटचे चार बॉलमध्ये चार गडी उडवले, वर त्याच डावात एक हॅटट्रिकही घेतली. सामना लवकर आटोपला आणि पुढची तिकिटं बुडाली. इतकी चांगली बोलिंग इतकी महाग कुणाला पडली नसेल.

पण तुमच्या प्रश्नात पोटापेक्षा 'नुसती' हा शब्द मला जास्त टोचतो. याच ग्लॅमॉर्गनचा ॲलन जोन्स. डावखुरा ओपनर, १९५७ ते १९८३. सलग २३ मोसम हजाराच्या वर धावा, एकूण ३६,०४९. अधिकृत टेस्ट शून्य. एवढ्या धावा करून टेस्टविना राहिलेला दुसरा कुणी नाही.

म्हणजे बोलावलं होतं एकदा. १९७० मध्ये दक्षिण आफ्रिकेचा दौरा रद्द झाला, त्याऐवजी रेस्ट ऑफ द वर्ल्डशी, म्हणजे बाकी देशांच्या निवडक खेळाडूंच्या संघाशी, इंग्लंडची मालिका ठेवली. लॉर्ड्सवर जोन्सने ५ आणि ० केल्या. पुढच्या सामन्यात नाव नव्हतं. नंतर त्या मालिकेचा टेस्टचा दर्जाच काढून घेतला, म्हणजे इंग्लंडचा टेस्ट खेळाडू म्हणून मिळालेली ती एकुलती एक कॅपही गेली. २०२० मध्ये इंग्लंडच्या बोर्डाने ती परत दिली, खेळाडूंच्या यादीतला क्रमांक ६९६. तेव्हा त्याचं वय ८१.

१९७० नंतरची तेरा वर्षं मात्र हा माणूस दर एप्रिलला पॅड बांधून नव्या बॉलसमोर उभा राहत होता. सुतार सकाळी रंधा हातात घेतो तसा.

एक गोष्ट मी मुद्दाम शेवटी सांगतो. लॉर्ड्सवर दोन्ही डावांत जोन्स माइक प्रॉक्टरच्या बोलिंगवर कीपरकडे झेल देऊन गेला होता, आणि कीपर होता आपला मुंबईचा फारुख इंजिनिअर.

गेल्या वर्षीचा पाहुणा क्षणभर गप्प बसला आणि म्हणाला, "एखादा तरी सोडायचा राव!"