नकाशातली विहीर

सातबारा आता मोबाइलवर मिळतो, तरी मला कागदांची पिशवीच उपसायला लागते. काल दुपारी कूलरसमोर तेच चाललं होतं. सातबारा राहिला बाजूला, हाती आला शेताचा जुना नकाशा. घड्यांवर फाटलेला. त्यात आमची विहीर, चण्याएवढा गोल.

चाळीस फुटांची विहीर! काळ्या मातीखाली मुरूम, मुरमाखाली तो हट्टी काळा खडक. सुरुंग लावलावून आबाजींचे पाच उन्हाळे त्यात गेले, आजीच्या गळ्यातली एकदाणी गेली. कागदावर लांबी आहे, रुंदी आहे, एकदाणी नाही. लहानपणी मी विचारलं होतं, यात पाणी कुठं आहे? आबाजी म्हणाले, "कागदाले कुठी पानी लागते बाप्पा?"

एक मुंगी आली आणि त्या गोलावरून सरळ चालत गेली. बुडाली नाही. मला हसू आलं, पण आपली गत काय वेगळी? डोळ्यात उमटतं ते चित्रही सपाटच. दोन डोळ्यांची दोन चित्रं जरा वेगळी पडतात, त्यावरून मेंदू खोलीचा अंदाज बांधतो. एक डोळा मिटून सुईत दोरा ओवायला बसा, कळेल. गणितवाले तर चौथी दिशा सांगतात. चौरसाला 4 कोपरे, घनाला 8, आणि त्या चौथ्या मितीतल्या भावाला 16. हिशेब पटतो. डोळ्यांपुढे मात्र काही येत नाही. मुंगीला विहीर, तसंच.

आमच्या अमरावतीकडे 25 मेच्या आसपास सूर्य भर दुपारी थेट डोक्यावर येतो. खांबाची सावली खांबाच्या बुडात शिरते, ऊन विहिरीच्या तळाशी पोचतं. इजिप्तमधल्या सायीनी गावच्या विहिरीतलं असंच ऊन, अलेक्झांड्रियातली सावली आणि दोन्ही गावांमधलं अंतर, एवढ्या भांडवलावर एराटोस्थेनिस या ग्रीक पंडितानं सुमारे 2200 वर्षांपूर्वी पृथ्वीचा घेर काढला. सपाट दिसणाऱ्या जमिनीवर उभं राहून! आमच्याकडे त्या उन्हाचा उपयोग एकच. आबाजी काठावरून वाकून पाहायचे, किती गाळ साचला ते.

संध्याकाळची वाट न पाहता मीही गेलो, डोक्याला दुपट्टा बांधून. ऊन तळाशी होतं. पाण्यावर चमकत नव्हतं. खडा टाकून पाहिला.

कोरडा वाजला.