झाड का थरथरतं?

सुट्टीतल्या शिबिरात मी मुलांना हलती चित्रं काढायला शिकवते. शेवटच्या दिवशी मुलांच्या फिल्म दाखवून झाल्या की कुणी ना कुणी पालक विचारतातच, "हे सगळं डिस्नेनंच सुरू केलं ना?" निघायच्या घाईत मी दोन नावं सांगते आणि विषय तिथेच राहतो. तुम्ही विचारलंत, म्हणून आज नीट सांगते.

मुलं पहिल्या दिवशी प्रत्येक कागदावर मुलगा काढतात आणि मागचं झाडही पुन्हा काढतात. पानं भराभर उलटली की मुलगा चालतो, पण झाडही थरथरतं. "ताई, झाड का हलतंय? वारा तर नाहीये!" अमेरिकेत पहिली कार्टून काढणाऱ्यांपुढे नेमकी हीच अडचण होती.

विन्सर मॅके यांनी १९१४ साली गर्टी नावाची डायनोसॉर पडद्यावर आणली. ते स्वतः चाबूक घेऊन रंगमंचावर उभे राहायचे, आणि पडद्यावरची गर्टी कधी त्यांचं ऐकायची, कधी हट्ट करायची, रागावलं की चक्क रडायची. मला ती आजही जिवंत वाटते. पण तिच्यामागचे डोंगर आणि तळं हजारो कागदांवर पुन्हा पुन्हा गिरवलं ते जॉन फिट्झसिमन्स या शेजारच्या तरुण विद्यार्थ्यानं. नीट पाहिलंत तर त्या डोंगरांच्या रेषा थरथरताना दिसतात. त्या थरथरीत मला त्या पोराचे दुखणारे हात दिसतात.

मूळचे मॉन्ट्रियलचे राउल बारे यांनी न्यूयॉर्कच्या आपल्या स्टुडिओत कागदांना ठरावीक जागी भोकं पाडून ते खुंट्यांत अडकवायची पद्धत बसवली. चित्रावर चित्र नेमकं बसू लागलं. मी मुलांना पंचिंग मशीन देते ते त्यासाठीच.

आणि मग अर्ल हर्ड. माझा जीव या माणसावर आहे. त्यांनी म्हटलं, देखावा एकदाच काढा आणि हलणारी पात्रं सेल्युलॉइडच्या, म्हणजे प्लॅस्टिकसारख्या पारदर्शक तावावर काढून त्यावर ठेवा. या तावालाच 'सेल' म्हणतात. झाड एकदाच काढायचं, म्हणजे ते थरथरणार कसं? डिसेंबर १९१४ मध्ये त्यांनी पेटंटसाठी अर्ज केला. तेव्हा वॉल्ट डिस्ने तेरा वर्षांचा होता. कार्टूनचा स्टुडिओ चालवणारे जे. आर. ब्रे यांच्याकडेही स्वतःची पेटंटं होती. दोघं एकत्र आले, आणि पेटंटांची मुदत १९३२ मध्ये संपेपर्यंत इतर स्टुडिओंना त्यांचा परवाना घ्यावा लागे. हर्ड नुसते संशोधक नव्हते. बॉबी बम्प्स हा खोडकर मुलगा आणि त्याचा कुत्रा फिडो यांच्या फिल्म ते स्वतः करायचे.

सेल आले तसे ते मागच्या बाजूनं रंगवणारे हातही आले. डिस्नेकडे ते बहुतेक बायकांचे होते. त्यांची नावं पडद्यावर येत नसत, याचं मला फार वाईट वाटतं.

ऐंशीच्या दशकाच्या अखेरीपर्यंत डिस्नेचे मोठे चित्रपट सेलवरच रंगवले जात. हर्ड स्वतः उतारवयात डिस्नेकडे कथाविभागात काम करत होते. १९४० साली ते गेले. १९३७ च्या 'स्नो व्हाइट'मधली पात्रं त्यांच्याच कल्पनेच्या सेलवर चालतात. घरी मुलांबरोबर तो चित्रपट लावाल तेव्हा सुरुवातीची नावं पुढे ढकलू नका. कथा लिहिणाऱ्यांच्या यादीत अर्ल हर्ड दिसतील.