माझी पोरं अडखळत का वाचतात? तुम्ही विचारलंत म्हणून

"बाई, तुमची पोरं अशी थांबत थांबत का वाचायलीत?"

शाळा सुरू होऊन दोन-तीन महिने झाले की हा प्रश्न सुरू होतो. पालक विचारतात, तपासणीला आलेले साहेब विचारतात. माझी जाऊही विचारते, कारण तिचा मुलगा अंबाजोगाईला इंग्रजी शाळेत आहे आणि पुस्तक उघडलं की घडाघडा म्हणतो. गेल्या महिन्यात शाळा व्यवस्थापन समितीच्या बैठकीत एक आजोबा सगळ्यांदेखत म्हणाले, "आमच्या टायमाला मास्तर दिवाळीच्या आत बाराखडी तोंडपाठ करून घ्यायचे. आता पगार वाढले अन् पोरगं अजून का-म काम, का-म काम करायलंय." मी मान खाली घालून इतिवृत्त लिहीत राहिले. उत्तर माझ्याकडे होतं, पण ते दोन वाक्यांत मावणारं नव्हतं. आणि त्यातला एक भाग मी आजवर कुणाला नीट सांगितलेला नाही.

धारूरच्या बाजूला, बालाघाटाच्या डोंगरात एका वस्तीवर आमची शाळा आहे. दोन शिक्षक, चार वर्ग. पहिली-दुसरी 19 वर्षं माझ्याकडे आहे.

आधी बाराखडीचं. बाराखडी मी म्हणून घेते. तिला ताल आहे, पोरांना ती आवडते. पण ज्या पोराला ती नुसती पाठ आहे, त्याला मधलंच 'फू' दाखवून बघा. ते फ-पासून निघतं. फ, फा, फि, फी, फु करत बोटं मोडत 'फू'पाशी पोचतं आणि मग 'ल' शोधतं. 'फूल' हाती येईपर्यंत वाक्याचं पहिलं टोक सुटून गेलेलं असतं.

सुट्या अक्षरांचंही तेच. क, म, ळ ही तिन्ही अक्षरं ओळखणारं पोर 'कमळ' वाचेलच असं नाही. ते म्हणतं कऽ, मऽ, ळऽ, आणि माझ्या तोंडाकडे बघतं. बोलताना आपण शेवटच्या ळमधला अ गिळून टाकतो, लिहिताना तो तसाच असतो. कुठला अ म्हणायचा आणि कुठला सोडायचा हे पाटीवर कुठंच लिहिलेलं नसतं. पहिली वेलांटी तर अक्षराच्या आधी काढायची आणि अक्षरानंतर म्हणायची. पोरांना वाचता येतं का हे गावोगाव जाऊन बघणाऱ्या 'असर' सर्वेक्षणाच्या चाचणीत अक्षर, शब्द, परिच्छेद, गोष्ट अशा पायऱ्या असतात. त्यातली अक्षरावरून शब्दावर जायची पायरी सगळ्यात उंच, हे मी रोज बघते. सगळी अक्षरं येतात पण एक शब्द येत नाही, अशी पोरं मी चौथीतसुद्धा पाहिली आहेत.

म्हणून मी पहिल्या काही दिवसांत क, म, न आणि काना एवढंच देते. त्यात कान होतो, क आणि न यांची अदलाबदल केली की नाक होतं. मान होते, काम होतं. 'काम'चे दोन तुकडे उलटे ठेवले की मका होतो. पोरं तुकडा तुकडा म्हणतात, आवाज जोडतात, आपल्याच तोंडून आलेला शब्द कानानं ऐकतात आणि मग त्यांना तो कळतो. तुम्हाला जे अडखळणं वाटतं ते हे जोडणं आहे. त्याला वेळ लागतो, आणि मी तो लागू देते.

यावर दुसरा प्रश्न ठरलेला असतो. मग अख्खा शब्दच नजरेत बसवा की! कशाला फोडायचा?

ते मी केलेलं आहे.

2010 साली मला नोकरीत चार वर्षं झाली होती. लग्नसराई संपल्यावर मी वस्तीभर फिरून जुन्या पत्रिका गोळा केल्या, त्यांच्या कोऱ्या बाजू कापून स्केचपेननं शब्द लिहिले. साखर, भाकर, विहीर, बाभूळ, आई, घर. अशा 140 पट्ट्या. आधी चित्रासोबत दाखवायच्या, मग चित्राशिवाय. पोरांना माझी सूचना एकच असायची, "फोडू नका, नजरेत धरा." वर्ग कसा दुमदुमायचा! दुसरीत एक मुलगी होती, तिला इथं मंगल म्हणते. मी पट्टी पुरती उचलायच्या आत तिचा शब्द आलेला असायचा. एक साहेब आले, त्यांनी तिच्याकडून सगळ्या पट्ट्या म्हणून घेतल्या आणि शेरेबुकात चार ओळींचा चांगला शेरा लिहिला. तो शेरा मी वहीत उतरवून घेतला होता आणि घरी आईला वाचून दाखवला होता.

जुलैत तीन दिवस झड लागली. पत्रा गळला, पेटीत पाणी गेलं आणि पट्ट्यांचा लगदा झाला. ज्या थोड्या बऱ्या होत्या त्या मी खिडकीत वाळत घातल्या. पांढरा कार्डशीट आणून दोन रात्री बसले आणि सगळे शब्द पुन्हा लिहिले. या वेळी सगळ्या पट्ट्या एका मापाच्या, एका रंगाच्या.

त्या दिवशी मंगलचे वडील कसल्या तरी कागदावर सही घ्यायला शाळेत आले होते. मला हौस वाटली. म्हटलं, "थांबा दादा, लेकीचं वाचन ऐकून जा." नवी पट्टी उचलली. साखर. मंगलनं पट्टीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "भाकर." दुसरी उचलली, विहीर. ती म्हणाली, "आई." तिसरीला "घर" म्हणाली, ते नव्हतं. मग ती बोलायचीच थांबली. मी थांबायला हवं होतं, थांबले नाही. एकामागून एक बारा पट्ट्या उचलल्या. वर्ग चिडीचूप झाला होता. वडिलांसमोर माझं हसं होतंय असं मला वाटलं, आणि मी म्हणाले, "काल येत होतं ना? इतके दिवस शेजारणीचं ऐकून म्हणत होतीस का? लबाडी करतेस माझ्याशी?"

ती रडली नाही. खिडकीकडे बोट करून म्हणाली, "बाई, ते आपले द्या ना. हे आपले न्हाईत."

वडील म्हणाले, "जाऊ द्या बाई. आमच्या घरात कुणालाच येत न्हाई." टोपी डोक्यावर ठेवली आणि सही न घेताच गेले.

दुसऱ्या दिवशी मी शांतपणे विचारलं, "साखर कशी ओळखायचीस गं?" तिनं सरळ सांगितलं. साखर गुलाबी, गणपतीची. भाकरीच्या कोपऱ्याला हळद लागली व्हती. विहिरीचा कोपरा फाटका. बाभूळ जाड. तिच्या बोलण्यात चोरी पकडल्याची लाज नव्हती. मी नजरेत धर म्हणाले होते, तिनं धरलं होतं. अक्षरांकडे बघायचं असतं हे मी तिला कधी सांगितलंच नव्हतं.

दसऱ्यानंतर ऊसतोडीसाठी वस्ती रिकामी होते हे तुम्हाला माहीत आहे. मंगलचे आई-वडील दरवर्षी कोयत्याला जायचे आणि आधीची दोन वर्षं तिला आजीपाशी ठेवून गेले होते. त्या वर्षी तिला सोबत न्यायचं ठरलं. मी घरी गेले. आई भांडी गोणीत भरत होती. ती म्हणाली, "बाई, तिला येत न्हाई ते तुमच्याच वर्गात कळलं की. मग म्हातारीपशी ठिवून काय करू? फडात धाकट्याला तरी सांभाळंल." मी 'येत नाही' असं म्हणाले नव्हते, 'लबाडी' म्हणाले होते. पण त्या माउलीशी शब्दांवरून हुज्जत घालायला माझी जीभ उचलली नाही.

तेव्हाचे मुख्याध्यापक मला म्हणाले, "उचल घेतलेली असते, धाकटं मूल असतं, त्यांनी तिला नेलंच असतं. तुम्ही मनाला लावून घेऊ नका." पुष्कळ वेळा मीही स्वतःला तेच सांगते. पुष्कळ वेळा ते पटत नाही. त्याचा निकाल माझ्याच्यानं अजून लागलेला नाही.

पाडवा होऊन गेल्यावर टोळ्या परतल्या. मंगल शाळेत आली, पण पट्ट्यांच्या पेटीकडे बघायला तयार नव्हती. मी पेटी कपाटावर टाकली आणि तिला घेऊन शहाबादी फरशीवर बसले. खडूनं 'का' काढला, शेजारी 'म' काढला. "हा का. हा म. जोड." ती म्हणाली, "का... म. काम." काम तिला चांगलंच ठाऊक होतं. मग मी पुसून उलटं लिहिलं, 'म' आधी, 'का' नंतर, आणि काहीच सांगितलं नाही. तिचे ओठ आवाज न करता हलत होते. मी मनात मोजत होते, आणि तोंड बंद ठेवणं मला किती जड गेलं ते माझं मला माहीत.

"मका," ती म्हणाली. मग मोठ्यानं, "मका! बाई, ह्ये तर तुम्ही शिकवलंच न्हवतं!"

नव्हतंच शिकवलं. तोवर माझ्या वर्गात न शिकवलेला शब्द कुणी वाचल्याचं मला आठवत नाही.

तेव्हाची मी आज समोर बसली तर भांडेल. म्हणेल, चूक पत्रिकांची होती, पद्धतीची कशाला? एकसारख्या पांढऱ्या पट्ट्या आधीपासून असत्या तर पोरांना अक्षरांकडे बघावंच लागलं असतं. शंभरातली पन्नास पोरं बघतीलही. पण बाकीची पहिलं अक्षर पकडतात आणि पुढचं अंदाजानं ठोकतात, हे मी नंतरच्या वर्षांत पांढऱ्या पट्ट्यांवरही पाहिलं आहे. आपले सगळे शब्द एकाच शिरोरेषेखाली टांगलेले. घर आणि धर, भर आणि मर, वर आणि बर यांत लहान पोराच्या डोळ्याला फरक तो काय? 'ध'च्या आणि 'भ'च्या डोक्यावरची रेघ तुटलेली असते, हे बोट ठेवून दाखवल्याशिवाय दिसत नाही. आणि चित्रावरून शब्द धरायला लावला की तांड्यावरचं पोर आईचं चित्र बघून 'याडी' म्हणायचं. त्याच्या बोलीत ते अगदी बरोबर होतं. मी त्याला चूक म्हटलं होतं.

पण ती तरुण मुलगी मलाही सोडणार नाही. ती विचारेल, तिसरीत गेलेला तुझा तो मुलगा अजून 'आणि' फोडून वाचतो, त्याचं काय? असा एक आहे. 'आणि' त्यानं दोनशे वेळा पाहिला असेल, तरी दर वेळी आ, णि, आणि. वाक्य संपेपर्यंत सुरुवात विसरतो. त्याला फोडण्यातच मी गरजेपेक्षा जास्त दिवस ठेवलं का, या विचारानं मला झोप लागत नाही. केंद्र सरकारच्या निपुण भारत अभियानात दुसरीच्या शेवटी मिनिटाला 45 ते 60 शब्द समजून वाचावेत, असं ठरवलेलं आहे. हातात घड्याळ धरून बसलेल्या माणसाचा मला राग येतो, पण त्या आकड्यामागचं म्हणणं खोटं नाही. सगळं बळ जोडण्यातच गेलं तर अर्थाला जागा उरत नाही. जोडून जोडून एक दिवस शब्द एका नजरेत यायला लागतो. कुणाला चार वेळा जोडावा लागतो, कुणाला चाळीस वेळा, आणि कुणाला किती हे मला आधी ओळखता येत नाही.

म्हणून 'आणि', 'आहे', 'होता', 'मग', 'पण' असे जागोजागी भेटणारे शब्द मी आता पट्ट्यांवर लिहून नजरेखालून घालते. अक्षरं जोडता यायला लागल्यावरच, पण घालते. शेवटी बाई पट्ट्यांवरच आल्या, असं तुम्ही म्हणाल. आले. कुठवर जोडायला लावायचं आणि कुठून नजरेवर सोडायचं, हे 19 वर्षांत मला पक्कं सांगता येत नाही.

एक मात्र तपासणाऱ्यांना हात जोडून सांगते. पोरानं 'पाणी' बघून 'पानी' म्हटलं तर त्याची चूक मांडू नका. त्यानं शब्द वाचला, त्याला तो कळला, आणि घरी जसा म्हणतात तसा त्यानं म्हटला. परवा एकानं 'चारा' वाचताना 'चार'मधला च लावला, क्षणभर थांबला, स्वतःशी हसला आणि 'चारा' असं नीट म्हटलं. दोन्ही च लिहायला एकच. कुठला म्हणायचा ते त्याला गोठ्यानं सांगितलं, मी नाही. त्याच्या त्या थांबण्याला कागदावर 'अडखळतो' असं लिहिलं गेलं.

आजोबा, पुढच्या बैठकीला नातवाला सोबत आणा. पुस्तकातला धडा म्हणायला लावू नका, तो त्याला पाठ असेल. फळ्यावर मी तुमच्या बैलाचं नाव लिहीन. ते नाव त्यानं रोज ऐकलंय, लिहिलेलं कधीच पाहिलं नाही. तो आधी पहिल्या अक्षरावर थांबेल, मग दुसऱ्यावर. त्याचे ओठ हलतील. तुमच्या तोंडावर ते नाव येईल तेव्हा सांगू नका, तेवढं थांबा.